लढाई चालू असताना नाच कसला?

मागच्या अंकात गेर्निकावर, म्हणजे उत्तर स्पेनमधल्या बास्क लोकांच्या आणि 1937 मध्ये बॉम्बहल्ल्यात जळालेल्या गावावर, लिहिलं आणि सोबत निर्वासित बास्क पोरांचा एक जुना फोटो लावला, तर पत्रं आली ती लेखावर कमी आणि फोटोवरच जास्त! म्हणून या वेळी सगळं पान त्यालाच दिलंय. प्रश्न थोडे कापलेत, राग मानू नका, काहींनी चार-चार पानं लिहिली होती.

प्रश्न : ताई, खरं सांगू का, फोटो बघून जरा खटकलंच. गावावर बॉम्ब पडलेत, बाप आघाडीवर, आई कुठे आहे पत्ता नाही, आणि ही पोरं पांढरे कपडे आणि लाल शेले घालून परक्या देशात नाचतायत. आपल्याकडे घरात कोणी गेलं तर वर्षभर सण करत नाहीत. यांना नाचायला सुचलं तरी कसं?

उत्तर : खटकणं साहजिक आहे, मलाही पहिल्यांदा तसंच झालं होतं. पण आधी ती पोरं तिथे पोचली कशी ते बघू, निम्मं कोडं तिथेच सुटतं.

स्पेनमधलं यादवी युद्ध जुलै 1936 मध्ये पेटलं, एका बाजूला तिथलं प्रजासत्ताक सरकार, दुसरीकडे बंडखोर जनरल फ्रँको. त्याच वर्षी 7 ऑक्टोबरला बास्क नेते होसे आन्तोनिओ आगिरे यांनी गेर्निकाच्या ओकच्या झाडाखाली शपथ घेतली आणि बास्क लोकांचं स्वतःचं स्वायत्त सरकार उभं राहिलं, आणि जेमतेम साडेआठ महिन्यांत, 19 जून 1937 ला, बास्कांचं मोठं शहर बिल्बाओ फ्रँकोच्या फौजांच्या हाती पडलंसुद्धा. मधल्या काळात 31 मार्चला दुरांगो या बास्क गावावर बॉम्ब पडले, 26 एप्रिलला गेर्निकावर, तेही सोमवारी, बाजाराच्या दिवशी. मग घराघरांत एकच, पोरांना तरी बाहेर काढा. 21 मे ला बिल्बाओजवळच्या सान्तुर्त्सी बंदरातून 'आबाना' नावाचं जहाज निघालं, त्यात जवळपास चार हजार पोरं, सोबत शिक्षिका, मदतनीस बायका आणि काही पाद्री. प्रत्येक पोराच्या अंगावर पुठ्ठ्याचा षटकोनी बिल्ला, त्यावर नंबर. दोन दिवसांनी इंग्लंडात साउदॅम्प्टनला लागले तर गावभर पताका! पोरांना वाटलं आपलंच स्वागत चाललंय. त्या पताका होत्या सहाव्या जॉर्ज राजाच्या राज्याभिषेकाच्या, अकरा दिवसांपूर्वीच्या, काढायच्या राहून गेलेल्या.

ईस्टलीजवळ शेतांमध्ये तंबूंचं गावच वसवलं होतं. आणि आता मुद्द्याची गोष्ट, ब्रिटिश सरकारनं पोरांना येऊ दिलं पण खर्चाला हात लावायचा नाही असं आधीच ठरवलेलं, म्हणजे जेवणखाण, कपडे, औषधं सगळं एका स्वयंसेवी समितीच्या गळ्यात. हिशोब धरलेला दर पोरामागे आठवड्याला 10 शिलिंग. पुढे तंबू मोडले आणि पोरं देशभर छोट्या-मोठ्या वसतिगृहांत पांगली, त्यांना 'कॉलनी' म्हणायचे, आणि एकेक कॉलनी चालायची आसपासच्या लोकांच्या वर्गणीवर, कुठे चर्चवाले, कुठे खाणकामगार, कुठे नुसती शेजारची भली माणसं. आता दर महिन्याला लोकांच्या दारात जायचं तर काहीतरी घेऊन जायला हवं ना, आणि या पोरांकडे दुसरं होतं काय? गाणी आणि नाच. मग कोणी कापड मिळवलं, कोणी शेले शिवले, आणि पोरं गावोगावच्या हॉलमध्ये कार्यक्रम करायला लागली. म्हणजे असले फोटो बघताना ही पोरं आपल्या जेवणाचे पैसे नाचून उभे करतायत एवढं लक्षात ठेवायचं, मग ते हसू जरा वेगळं दिसतं.

आणि शोक केला नाही असं तर मुळीच नाही हो. बिल्बाओ पडल्याची बातमी तळावर लाउडस्पीकरवरून सांगितली तेव्हा पोरांनी असा आक्रोश मांडला की आवरता आवरेना, कित्येक जण तर तंबूतून पळत सुटले, घरी जायचं म्हणून. तीच पोरं पुढे काही महिन्यांत स्टेजवर. एकाच पोराच्या आयुष्यात दोन्ही मावतं.

अजून एक सांगायचं राहिलं, हे मला फार गमतीचं वाटतं. यातली खूप पोरं बिल्बाओच्या कारखाना-भागातली, घरात स्पॅनिश बोलणारी, आईबाप समाजवादी नाहीतर कम्युनिस्ट, त्यांचा खेड्यातल्या बास्क नाचाशी संबंध बेताचाच. काही जण तर हे नाच इंग्लंडात गेल्यावरच शिकले! इंग्रज लोक सरसकट सगळ्यांना 'बास्क चिल्ड्रन' म्हणायचे आणि नाचता नाचता ती तशी होत गेली.

प्रश्न : मी शाळेत लेझीम बसवते म्हणून विचारतेय, हे लोक नेमकं नाचायचे काय? पावलं, वाद्यं, काहीतरी सांगा. 'लोकनृत्य' म्हटलं की काहीच कळत नाही.

उत्तर : अगदी बरोबर बोललात, 'लोकनृत्य' हा शब्द सरकारी फॉर्मवरचा आहे.

वाद्यापासून सुरू करते. चिस्तू म्हणून एक उभी बासरी असते, तिला भोकं फक्त तीन, दोन वर आणि एक खाली अंगठ्यासाठी. ती वाजवायची एकट्या डाव्या हातानं, कारण उजव्या हातात काठी असते आणि डाव्याच कोपराला लहानसा ढोल अडकवलेला. म्हणजे एकच माणूस सूरही देतो आणि ठेकाही. ज्यांचं घरदार गेलंय त्यांच्यासाठी याच्यापेक्षा सोयीचा वाद्यवृंद शोधून सापडणार नाही, बासरी खिशात, ढोल खांद्याला, चला.

नाच भरपूर आहेत, काठ्यांचे, फुलांच्या कमानी घेऊन करायचे, खांबाला बांधलेल्या रिबिनी विणत करायचे. पण तुम्ही बसवणाऱ्या आहात म्हणून एकच नीट सांगते, दुरांगोच्या आसपासच्या खेड्यांतला तलवारींचा नाच. पूर्वापार पुरुषांचाच. पांढरी पँट, पांढरा शर्ट, डोक्यावर लाल टोपी. सुरुवातीला नाचणारे गुडघ्यावर बसून मान खाली घालतात आणि निशाणवाला त्यांच्या डोक्यावरून मोठं निशाण गरगर फिरवतो, इतकं खालून की कापडाचा वारा मानेला लागावा. मग एकेक प्रकार, कधी दोघं-दोघं, कधी चौघं, आखूड तलवारी, लांब तलवारी, काठ्या, आणि मध्येच तो पाय उडवणं, सरळ गुडघ्यानं, डोक्याच्या उंचीपर्यंत, वरचं धड जराही न हलवता. लेझीमवाल्यांना कळेल हे किती अवघड आहे, पाय एवढा वर गेला की खांदे हलतातच, तिथे हलवायचे नाहीत. आणि शेवटी सगळे मिळून एकाला उचलतात. तो आडवा, ताठ, मेल्यासारखा, सगळ्यांच्या डोक्यांच्या वर, आणि खाली चिस्तू वाजतोय.

या शेवटाचा मूळ अर्थ काय यावर जाणकारांचे वाद आहेत, त्यात मी पडत नाही. पण 31 मार्च 1937 ला ज्या दुरांगोत चर्चमध्ये प्रार्थना चालू असताना बॉम्ब पडले, तिथला हा नाच त्यानंतर परक्या गावात कोणी केला असेल तर त्या आडव्या उचललेल्या माणसाकडे बघताना बघणाऱ्या बास्क बाईच्या पोटात काय झालं असेल! पावलं तीच, एकही बदललेलं नाही.

दुसरा आऊर्रेस्कू. नावाचा अर्थ 'पुढचा हात', म्हणजे साखळीत सगळ्यात पुढे असणारा. मुळात चौकात हात धरून करायचा लांबलचक नाच, आता त्यातला मानवंदनेचा तुकडाच जास्त दिसतो, एकटा माणूस पुढे येतो, टोपी काढतो, समोरच्याला वाकून नमस्कार करतो आणि मग पाय उडवतो. लग्नात करतात, पाहुण्यासाठी करतात, गेलेल्या माणसासाठीसुद्धा करतात. तर पहिल्या पत्रातल्या दादांना इथेच सांगते, बास्कांमध्ये नाच म्हणजे आनंद हे समीकरणच नाही. कोणी गेलं म्हणून नाच बंद, असं आपल्याकडे. त्यांच्याकडे कोणी गेलं म्हणून त्याच्यासमोर नाच.

ठेक्याचं म्हणाल तर सोर्त्सिको नावाचा प्रकार ऐका, पाच मात्रांचा. युरोपियन कानांना तो लंगडा वाटतो पण झपतालात हात बसलेल्या माणसाला ते पाचाचं वजन चटकन कळेल.

प्रश्न : लेखात तुम्ही 'गेर्निका' लिहिता आणि पिकासोच्या चित्राला सगळे 'ग्वेर्निका' म्हणतात. बरोबर काय?

उत्तर : गावाचं नाव गेर्निका. स्पॅनिश स्पेलिंगमध्ये मध्ये यू आहे पण तो उच्चारायचा नसतो. चित्राचंही गेर्निकाच.

प्रश्न : मॅडम, स्पष्ट बोलतो. तुमच्या लेखात ओझरता उल्लेख होता की बास्क सरकारनं हरल्यावर परदेशात नाच-गाण्याची मंडळी काढली. म्हणजे लोक छावण्यांत उपाशी आणि सरकार स्टेज सजवतंय! हा सरळ सरळ प्रचार झाला, संस्कृती वगैरे गोंडस नावं कशाला?

उत्तर : प्रचारच होता, आणि तो लपवलेलाही नव्हता. आता तो का करावासा वाटला ते सांगते, मग तुमचं तुम्ही ठरवा.

बिल्बाओ गेल्यावर आगिरेंच्या सरकारकडे जमीन उरली नाही, फौज विस्कटलेली, हातात काय तर निर्वासित. आणि फ्रँको जगाला सांगत होता की मी धर्मयुद्ध लढतोय, देवाचा पक्ष विरुद्ध लाल नास्तिक. यात बास्क लोक कुठेच बसत नव्हते, कारण ते कट्टर कॅथलिक, त्यांचे पाद्री त्यांच्या बाजूनं, आणि तरी ते फ्रँकोच्या विरुद्ध. युरोपातल्या कॅथलिक लोकांना हे सांगायचं कसं? पत्रकं काढली, भाषणं झाली, पत्रकं काय सगळेच काढत होते. तर 1937 च्या उन्हाळ्यात आगिरेंनी गाब्रिएल ओलाइसोला या गायकवृंदाच्या संचालकावर काम सोपवलं, पांगलेले गायक आणि नाचणारे गोळा करा. फ्रान्सच्या हद्दीतल्या बास्क भागात सारा नावाचं खेडं आहे, तिथे जमवाजमव झाली, शंभराच्या घरात माणसं, सगळी निर्वासित. नाव ठेवलं एरेसोइन्का, गाणं आणि पाऊल या दोन शब्दांचा जोड. डिसेंबर 1937 मध्ये पॅरिसच्या साल प्लेयेल या नामांकित सभागृहात पहिला प्रयोग, मग बेल्जियम, हॉलंड, इंग्लंड. कार्यक्रमात चर्चमधली गाणी, कोळ्यांची गाणी, तलवारींचा नाच, सगळं. बघणाऱ्यानं घरी जाताना एवढंच म्हणावं की ही माणसं नास्तिक दंगेखोर तर वाटत नाहीत बुवा. तेवढ्यासाठी सगळा खटाटोप.

आता तुमच्या बाजूनंही बोलते. चौकातला नाच स्टेजवर आला की तो बदलतोच, लांब असतो तो कापला जातो, कपडे चित्रकार ठरवतात, आणि बिल्बाओच्या भट्ट्यांवर राबणारा कामगार त्यात कुठेच दिसत नाही, दिसतो तो स्वच्छ, देवभोळा, डोंगरातला बास्क. हे चित्र अर्धवट होतं असं माझंही मत आहे. आणि उपयोग झाला का म्हणाल तर राजकारणात काडीचाही नाही, इंग्लंड-फ्रान्सचं 'आम्ही मध्ये पडणार नाही' हे धोरण टाळ्या वाजवूनही तसंच राहिलं. 1939 मध्ये दुसरं महायुद्ध आलं आणि मंडळी मोडली.

पण 'लोक उपाशी आणि सरकार स्टेज सजवतंय' हे मात्र मला पटत नाही हं. त्याच सरकारनं फ्रान्समध्ये बिदार्तजवळ जखमींसाठी हॉस्पिटल चालवलं, दोनिबाने गारासीच्या किल्ल्यात शेकडो पोरांची कॉलनी चालवली. आणि मंडळीत गेलेल्यांचाही पोटाचा प्रश्न होताच की, छावणीत बसून राहण्यापेक्षा गाणाऱ्यानं गाऊन खाल्लं यात वाईट काय? आणि फक्त नाचच नाही, फुटबॉलची टीमसुद्धा पाठवली होती. तिचा पहिला सामना पॅरिसमध्ये झाला, जिंकले 3-0 नं, तारीख 26 एप्रिल 1937. हो, तीच तारीख, गेर्निकाची.

प्रश्न : मोठ्या मंडळींचं झालं, पण गेर्निकाच्या स्वतःच्या पोरांचं काय? त्यांचा काही नाचाचा ग्रुप होता असं कुठेतरी वाचलंय.

उत्तर : होता, एलाय अलाय. 'एलाय' म्हणजे पाकोळी आणि 'अलाय' म्हणजे आनंदी. सेगुन्दो ओलाएता या गेर्निकाच्याच माणसानं 1927 मध्ये गावातल्या पोरापोरींना घेऊन तो काढला होता, म्हणजे युद्धाच्या दहा वर्षं आधी, तेव्हा यात कसलं राजकारण-बिजकारण नव्हतं. 1937 मध्ये ओलाएता आणि पोरं फ्रान्समध्ये गेली आणि तिथे कार्यक्रम करत राहिली. आता विचार करा, हॉलच्या बाहेर पाटी लागते 'गेर्निकाची मुलं', आणि ते वर्ष असं की पेपर वाचणाऱ्या प्रत्येकाला गेर्निका म्हणजे काय ते माहीत. त्या पोरांनी तोंडातून एक अक्षर नाही काढलं तरी चालणार होतं, नुसतं आठ-दहा वर्षांचं पोर जिवंत समोर उभं आहे एवढंच पुरे.

पाकोळ्या हिवाळ्यात जातात आणि परत येतात हे नाव ठेवताना ओलाएतांच्या डोक्यात असेलच असं नाही, पण आपल्याला वाचताना टोचतं. ते स्वतः पुढे फ्रान्सच्या बास्क भागातच पोरांना नाच शिकवत राहिले.

प्रश्न : 'गेर्निकाचं झाड' हे गाणं युद्धात लिहिलं का? कोणी लिहिलं?

उत्तर : नाही, बरंच जुनं आहे. होसे मारिया इपार्रागिर्रे या भटक्या गायकाचं, 1853 मध्ये माद्रिदला पहिल्यांदा गायलं गेलं, आणि आहे त्याच पाच मात्रांच्या सोर्त्सिकोत. झाड म्हणजे तोच ओक, ज्याच्याखाली राजेसुद्धा बास्कांचे जुने हक्क पाळू अशी शपथ घ्यायचे. इपार्रागिर्रे स्वतः आयुष्यातली बरीच वर्षं देशाबाहेर, फ्रान्समध्ये आणि मग दक्षिण अमेरिकेत. त्यामुळे 1937 मध्ये निर्वासितांना हे गाणं वेगळं जुळवून घ्यावं लागलं नाही, ते एका परागंदा माणसाचंच होतं. आणि बॉम्बहल्ल्यात गाव जळालं पण झाड वाचलं, हे तर गाणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होतं.

प्रश्न : फ्रँकोनं बास्क नाचांवर बंदी घातली होती ना? माझ्या मुलीला प्रोजेक्टमध्ये तसं लिहायचंय.

उत्तर : तसं सरसकट लिहू नका, चूक होईल. बास्क झेंडा बंद, भाषेवर दडपण, 1938 मध्ये तर पोरांची नावं बास्क भाषेत नोंदवायलाही मनाई. पण नाचांचं गणित जरा तिरकं आहे. नाचाला शब्द नसतात, त्यामुळे तो दोघांनाही वापरता येतो! फ्रँकोच्या पक्षाच्या महिला संघटनेनं प्रांताप्रांतांचे नाच-गाणी गोळा करून मंडळी बांधल्या, त्यात बास्क नाचही होते, आणि त्या मंडळी नंतर परदेशांत फिरवल्या, बघा आमचा स्पेन किती रंगीबेरंगी म्हणून. म्हणजे तोच पाय उडवणं, तोच लाल शेला. परदेशात पळालेला बास्क नाचतो तेव्हा अर्थ 'आम्ही वेगळं राष्ट्र आहोत', आणि सरकारी मंडळी नाचते तेव्हा 'हा स्पेनचा एक प्रांत आहे'. फरक पावलात नाही, मागे लावलेल्या झेंड्यात.

मुलीला एवढंच लिहायला सांगा की नाच सरसकट बंद नव्हता, तो वेगळ्या बास्क राष्ट्राचा आहे म्हणणं बंद होतं. टीचरनं मार्क कापले तर मला पत्र पाठवा.

प्रश्न : एरेसोइन्कामधलं कोणी पुढे नावारूपाला आलं का?

उत्तर : दोघांची नावं सांगते. इरुनचा एक तरुण त्या गायकवृंदात होता, पुढे फ्रान्समध्ये लुईस मारियानो या नावानं संगीत-नाटकांचा एवढा मोठा स्टार झाला की 1945 नंतर काही वर्षं पॅरिसला दुसरं कोणी दिसत नव्हतं. आणि दुसरी गेतारियाची गायिका पेपिता एम्बिल. तिचा मुलगा तुम्हाला माहीत आहे, ऑपेरा गायक प्लासिदो दोमिंगो.

प्रश्न : हे नाच मोबाईलवर बघायचे तर काय शोधू? भाषा येत नाही.

उत्तर : तलवारींच्या त्या नाचाचं नाव 'दान्त्सारी-दान्त्सा' (dantzari-dantza) आणि सोबत 'बेर्रिस' (Berriz) किंवा 'गाराय' (Garai) टाका, ही दुरांगोजवळची खेडी, चौकातलं शूटिंग मिळालं तर स्टेजवाल्यापेक्षा ते आधी बघा. निशाण फिरवणं अगदी सुरुवातीला असतं, ते पुढे ढकलू नका. आणि एक, बघताना मध्येच कोणीतरी घोडा खिंकाळावा तसं लांबलचक, चढत जाणारं ओरडेल, दचकू नका, त्याला इर्रिन्त्सी म्हणतात, डोंगरातली हाक आहे ती. हेडफोन लावले असतील तर आवाज आधीच कमी करून ठेवा, मी केला नव्हता.